फूस आणि भुरळ : इंग्रजी कादंबरीतील ‘धोकादायक’ स्त्री

एकोणिसाव्या शतकाच्या आरंभीच्या इंग्लंडमधील एका न्यायालयाची कल्पना करा. एका बापाने दावा लावला आहे. कुणा पुरुषाने त्याच्या मुलीला फूस लावली आणि ती गरोदर राहिली. बाप नुकसानभरपाई मागतो आहे. पण कशाची? मुलीच्या दुःखाची नाही. घराण्याच्या अब्रूचीही नाही, निदान कागदोपत्री तरी नाही. कायद्याच्या भाषेत तो मागतो आहे मुलीच्या ‘चाकरीची’ भरपाई. मुलगी बापाच्या घरी कामकाज करते, गरोदरपणामुळे ती चाकरी बुडाली, सबब बापाचे नुकसान झाले. चाकरी म्हणजे किती? घरातल्यांना चहा करून देणे एवढेही पुरेसे आहे, असे न्यायाधीशांनी मानलेले होते.

मुलगी स्वतः मात्र दावा लावू शकत नव्हती. तिची संमती होती, मग तिचे नुकसान कसले, असा युक्तिवाद. जिच्या आयुष्याची माती झाली ती साक्षीदार, आणि ज्याचा चहा बुडाला तो फिर्यादी. हा दावा इंग्लंडच्या कायद्यातून अधिकृतपणे हद्दपार झाला तो १९७० मध्ये.

आजचा धागा इंग्रजी कादंबरीतील मोह, वासना आणि ‘धोकादायक’ स्त्रियांविषयी आहे. तरीही आरंभ न्यायालयातून केला, कारण या कादंबऱ्या एकामागून एक वाचताना मला सतत जाणवत राहिले की वासनेची गोष्ट सांगता सांगता त्या हिशेबाची वही उघडून बसतात. मालमत्ता कुणाची, लग्न कायदेशीर की नाही, वारस कोण. वासना असते, पण धोका तिच्यामुळे फारसा नसतो. धोका वहीतल्या आकड्यांना असतो.

आपल्या भाषेत एक गंमत आहे. पुरुष ‘फूस लावतो’ आणि स्त्री ‘भुरळ घालते’. पहिल्यात अपराध आहे, दुसऱ्यात जादूटोण्याचा वास आहे. इंग्रजी कादंबरीचा दीडशे वर्षांचा प्रवास या दोन क्रियापदांत बसवता येईल. अठराव्या शतकात भीती होती ती फूस लावणाऱ्या पुरुषाची. एकोणिसाव्याच्या मध्यावर ती भुरळ घालणाऱ्या स्त्रीची झाली. (सरसकट नियम नव्हे. १७९६ च्या ‘द मंक’ मधील मटिल्डा या मांडणीला खुशाल सुरुंग लावते. पण प्रवाहाची दिशा हीच.)

या दोहोंच्या आधी एक विलक्षण बाई होऊन गेली, एलायझा हेवूड. तिची ‘फँटोमिना’ ही छोटी कथा १७२५ ची. एक कुलीन तरुणी नाट्यगृहात पाहते की पुरुष गणिकांभोवती घोटाळताहेत. ते त्यांच्याशी नेमके बोलतात तरी काय, या कुतूहलापोटी ती स्वतःच गणिकेचा वेश घेते. बोप्लेझीर नावाचा तरुण तिच्यावर भाळतो, तिला भोगतो, आणि काही दिवसांत कंटाळतो. इथे एखादी नायिका झुरून मेली असती. ही बाई वेश बदलते. आधी मोलकरीण, मग शोकाकुल विधवा, मग मुखवट्याआडची अनामिका. प्रत्येक वेळी तोच पुरुष नव्याने मोहित होतो आणि एकदाही तिला ओळखत नाही! अखेर गर्भ राहतो, आई येते, बिंग फुटते, आणि तिची रवानगी फ्रान्समधील मठात होते. शिक्षा आहे, पण पश्चात्तापाचे प्रवचन नाही. अलेक्झांडर पोपने पुढे ‘डन्सिअड’मध्ये हेवूडची अत्यंत गलिच्छ थट्टा केली. स्त्रीच्या वासनेविषयी स्त्रीनेच चवीने लिहावे, हे त्या काळच्या पंडितांना पचण्यासारखे नव्हते.

१७४० मध्ये सॅम्युअल रिचर्डसन नावाचा पन्नाशी ओलांडलेला मुद्रक कादंबरीकार झाला. ‘पामेला’ ही पंधरा वर्षांच्या मोलकरणीच्या पत्रांची गोष्ट. मालक तिच्या मागे लागतो, तिला कोंडून ठेवतो. ती बधत नाही, आणि अखेर तोच मालक तिच्याशी रीतसर लग्न करतो. सद्गुणाचे बक्षीस! देशभर पामेलाचे वेड पसरले, पामेलाची चित्रे काढलेले पंखेसुद्धा विकले गेले. पण दुसऱ्याच वर्षी हेन्री फील्डिंगने ‘शामेला’ लिहून एक खवचट प्रश्न टाकला. ही मुलगी खरोखर सद्गुणी आहे, की भाव वाढेपर्यंत माल रोखून धरणारी व्यापारी आहे? हेवूडनेही त्याच वर्षी ‘अँटी-पामेला’ लिहिली.

या प्रश्नाकडे मी विनोद म्हणून पाहत नाही. स्त्रीचा नकारसुद्धा तिचा डाव असू शकतो, हा संशय इथे कादंबरीत पक्का रुजला, आणि पुढे शंभर वर्षांत त्याचे झाड झाले.

रिचर्डसनचे उत्तर म्हणजे ‘क्लॅरिसा’ (१७४७-४८). सुमारे साडेनऊ लाख शब्दांचा हा ग्रंथ मी पूर्ण वाचला असे सांगितले तर माझे वर्गमित्र हसतील, तेव्हा जे वाचले त्याबद्दल लिहितो. गोष्टीचे मूळ पुन्हा मालमत्तेत. आजोबांनी मृत्युपत्रात आपली इस्टेट नात क्लॅरिसाला दिली, म्हणून भाऊबहीण जळतात आणि तिला एका नकोशा श्रीमंताच्या गळ्यात बांधू पाहतात. त्यातून सुटण्यासाठी ती लव्हलेस या देखण्या खलपुरुषाच्या आधाराने घर सोडते. तो तिला गुंगीचे औषध देऊन तिच्यावर बलात्कार करतो. मग त्या काळच्या रीतीप्रमाणे सगळे जण तिला एकच उपाय सुचवतात, त्याच्याशी लग्न कर. ती नाही म्हणते. मरते, पण नाही म्हणते. पुस्तकाचे खंड निघत असताना वाचक रिचर्डसनला पत्रे लिहून गयावया करत होते की दोघांचे लग्न लावा, गोष्ट गोड करा. लेडी ब्रॅडशे ही त्यांतली अग्रणी, तिने तर टोपणनावाने पत्रव्यवहार मांडला होता. बलात्कारी लव्हलेस सुधारेल आणि सुखाने नांदेल, अशी आशा सुशिक्षित वाचकांना होती. रिचर्डसन बधला नाही, याबद्दल त्याला शंभर गुन्हे माफ.

आता थेट १८५७ मध्ये या. आपल्यासाठी हे साल म्हणजे मीरत, दिल्ली, कानपूर. लंडनच्या वृत्तपत्रांत त्या उन्हाळ्यात दिल्लीच्या बातम्यांच्या जोडीला आणखी दोन विषय गाजत होते.

पहिला, मॅडलीन स्मिथचा खटला. ग्लासगोतील श्रीमंत घरातली, जेमतेम बाविशीची तरुणी. पिएर एमिल लांजेलिए या कारकुनाशी तिचे गुप्त संबंध होते. पुढे घरच्यांनी तोलामोलाचे स्थळ ठरवले, तिने जुनी पत्रे परत मागितली, त्याने ती देण्यास नकार दिला. मार्चमध्ये लांजेलिए आर्सेनिकच्या विषाने मेला. मॅडलीनने आर्सेनिक खरेदी केल्याची नोंद होती. कोकोतून विष दिले, असे फिर्यादी पक्षाचे म्हणणे. जुलैमध्ये एडिंबरात निकाल लागला, ‘सिद्ध झाले नाही’. दोषी नाही असे नव्हे, फक्त सिद्ध झाले नाही. हा स्कॉटलंडच्या कायद्याचा तेव्हाचा खास तिसरा पर्याय होता. पण समाज हादरला तो विषापेक्षा पत्रांनी. भर न्यायालयात वाचल्या गेलेल्या त्या पत्रांत एका सुसंस्कृत कुमारिकेने शरीरसुखाबद्दल लाज न बाळगता लिहिले होते. कुणी फूस लावलेली अबला त्यांत सापडत नव्हती.

दुसरा विषय घटस्फोटाचा कायदा. तोवर इंग्लंडमध्ये पुनर्विवाहाची मुभा देणारा पूर्ण घटस्फोट हवा असेल तर पार्लमेंटकडून खासगी कायदा करवून घ्यावा लागे. दीड-पावणेदोनशे वर्षांत असे तीनशेहून थोडे अधिक घटस्फोट झाले, आणि त्यांत स्त्रियांना मिळालेले किती? चार. ऑगस्ट १८५७ च्या कायद्याने हे काम न्यायालयाकडे आले. पण माप दुहेरीच राहिले. पत्नीचा व्यभिचार एवढेच कारण पतीला पुरेसे. पत्नीला मात्र पतीचा व्यभिचार आणि त्याच्या जोडीला क्रौर्य, द्विविवाह, दोन वर्षांचा परित्याग असे काहीतरी सिद्ध करावे लागे. नुसता नवरा सोडून गेला तर विभक्त राहण्याचा हुकूम मिळे, स्वकष्टाच्या कमाईला संरक्षण मिळे, पण पुन्हा लग्न करता येत नसे.

ही तरतूद लक्षात ठेवा, कारण ज्या कादंबरीसाठी हा सगळा खटाटोप मांडला आहे तिचा कणा हाच आहे.

मेरी एलिझाबेथ ब्रॅडन ही मॅडलीन स्मिथच्याच वयाची, दोघींचा जन्म १८३५ चा. काही वर्षे टोपणनावाने रंगभूमीवर कामे केलेली नटी. १८६१ मध्ये तिची ‘लेडी ऑडलीज सीक्रेट’ एका साप्ताहिकात क्रमशः सुरू झाली. ते साप्ताहिकच बंद पडले, कादंबरी दुसऱ्या मासिकात पूर्ण झाली, आणि १८६२ च्या शरद ऋतूत तिचे तीन खंड आले. खप असा झाला की प्रकाशक विल्यम टिन्स्ली यांनी त्या पैशातून घर बांधले आणि त्याचे नाव ठेवले ‘ऑडली लॉज’.

गोष्ट अशी. हेलन ही गरीब, दारुड्या बापाची सुंदर मुलगी. जॉर्ज टॉलबॉइज या तरुण लष्करी अधिकाऱ्याशी लग्न करते. पैसा संपतो. एका रात्री जॉर्ज तिला आणि तान्ह्या मुलाला टाकून सोन्याच्या शोधात ऑस्ट्रेलियाला निघून जातो. साडेतीन वर्षे एक पत्र नाही. मधल्या काळात हेलन मुलाला बापाकडे ठेवते, लूसी ग्रॅहम हे नाव घेते, एका डॉक्टरांच्या घरी मुलांची शिक्षिका होते आणि छप्पन्न वर्षांच्या विधुर सर मायकेल ऑडलींच्या नजरेत भरते. ते मागणी घालतात तेव्हा ती खोटे प्रेम दाखवत नाही. गरिबीत जन्मलेल्या मला या स्थळाचे फायदे दिसत नाहीत असे मी कसे म्हणू, अशा अर्थाचे ती बोलते. सर मायकेलना ते डाचते, तरी ते लग्न करतात. आणि मग जॉर्ज परत येतो.

पुढे ती जॉर्जला विहिरीत ढकलते, एका खाणावळीला आग लावते, आणि नवऱ्याचा आळशी वकील पुतण्या रॉबर्ट तिचा माग काढत राहतो. हे सारे रंजक आहे, पण मला तिची कोंडी अधिक महत्त्वाची वाटते. द्विविवाहाच्या गुन्ह्यातून सूट कधी मिळे? जोडीदार सलग सात वर्षे बेपत्ता असेल आणि तो जिवंत असल्याचे ठाऊक नसेल तर. कादंबरी छापली जाऊ लागली त्याच वर्षी, १८६१ मध्ये, हा नियम नव्या फौजदारी कायद्यात पुन्हा लिहिला गेला. हेलनला टाकून साडेतीनच वर्षे झालेली. नुसत्या परित्यागावर घटस्फोट नाही, कारण जॉर्जने व्यभिचार केलेला नाही, तो बिचारा सोने खणतो आहे. तेव्हा कायद्याने तिला सांगितलेला मार्ग एवढाच, मूल सांभाळ, शिकवण्या कर, आणि आणखी साडेतीन वर्षे वाट पाहा. ती पाहत नाही.

या कादंबरीत कामवासना शोधू जाल तर निराश व्हाल. लेडी ऑडलीला पुरुषांची ओढ जवळजवळ नाहीच. तिला हवे आहे ते छप्पर, रेशीम, उबदार खोली आणि पुन्हा गरीब न होण्याची हमी. भुरळ तिच्या सोनेरी केसांची आणि निळ्या डोळ्यांची आहे, पण ती भुरळ पडते पाहणाऱ्यांना. तिला पडलेला मोह निराळाच आहे, आणि तो कुणाही मध्यमवर्गीय वाचकाला ओळखीचा वाटावा असा.

याच ठिकाणी शेजारी ‘जेन एअर’ (१८४७) ठेवून पाहा. रॉचेस्टर वेड्या बायकोला माळ्यावर कोंडून दुसरे लग्न करायला निघतो, म्हणजे द्विविवाहच. वाचक त्याला क्षमा करतात, शेवटी जेनही त्याला मिळते. लेडी ऑडली तेच करते आणि स्वतःच कोंडली जाते. (विहीर आणि आग यांचा भार पारड्यात आहे, हे मान्य.)

कोंडण्याचा प्रसंग कादंबरीतला सर्वांत थंड प्रसंग आहे. आपल्या रक्तात आईकडून आलेले वेड आहे, असे लेडी ऑडली स्वतःच कबूल करते. रॉबर्ट लंडनहून डॉ. मॉसग्रेव्ह यांना बोलावतो. सगळी हकिकत ऐकून डॉक्टर आधी म्हणतात की यात वेड नाही. ती घरातून पळाली कारण घर सुखाचे नव्हते, दुसरे लग्न केले कारण त्यात पैसा आणि प्रतिष्ठा होती. हे शुद्धीवरच्या माणसाचे वागणे आहे. मग ते काही मिनिटे तिला भेटतात आणि सुप्त वेडाची शक्यता सांगतात, पण त्याहून ठळकपणे सांगतात की ही बाई धोकादायक आहे. खटला भरला तर घराण्याची अब्रू जाईल. म्हणून बेल्जियममधल्या एका वेड्यांच्या इस्पितळात, खोट्या नावाने, जन्मभरासाठी. आजाराचे निदान आणि घराण्याची सोय एकाच कागदावर येतात.

आता खरी मेख. ही कादंबरी ब्रॅडनने अर्पण केली आहे सर एडवर्ड बुल्वर-लिटन यांना, लेखनाबद्दल त्यांनी दिलेल्या सल्ल्यासाठी. लिटन त्या काळचे मातब्बर कादंबरीकार आणि राजकारणी. पत्नी रोझिनाशी त्यांचे फाटून वीस वर्षे झाली होती, तिने कादंबरी लिहून त्यांचे वाभाडेही काढले होते. जून १८५८ मध्ये ते वसाहतमंत्री झाले आणि नियमाप्रमाणे हर्टफर्डला पुन्हा निवडून येण्यासाठी उभे राहिले. रोझिना तिथे पोहोचली आणि तिने जमलेल्या मतदारांसमोर नवऱ्याची लक्तरे काढली. काही दिवसांतच डॉक्टरांच्या दाखल्यांवर तिला ब्रेंटफर्डच्या एका खासगी वेड्यांच्या इस्पितळात टाकण्यात आले. वृत्तपत्रांनी गदारोळ केला, तेव्हा सुमारे तीन आठवड्यांत ती सुटली. तिला फ्रान्सला घेऊन गेला तो मुलगा रॉबर्ट. हाच रॉबर्ट पुढे आपला व्हाइसरॉय लॉर्ड लिटन, दिल्ली दरबारवाला आणि देशी भाषांतील वृत्तपत्रांची मुस्कटदाबी करणारा.

ब्रॅडनने अर्पणपत्रिकेतून टोमणा मारला, असे म्हणण्याचा मोह होतो, पण तसे म्हणता येणार नाही. लिटनविषयी तिला मनापासून आदर होता. मात्र १८६२ च्या वाचकाला रोझिनाचे प्रकरण आठवत नसेल, हे अशक्य वाटते.

टीकाकार तुटून पडले. यॉर्कच्या आर्चबिशपांनी १८६४ मध्ये असल्या सनसनाटी कादंबऱ्यांविरुद्ध भाषण केले. मार्गारेट ऑलिफंट या कादंबरीकर्तीने १८६७ मध्ये ‘ब्लॅकवुड्स’मध्ये तक्रार केली की हल्लीच्या नायिका देहाच्या ओढीबद्दल बोलतात, आणि इंग्रज मुलींच्या मनात असेच चालते असे लोक मानू लागले आहेत. सोनेरी केसांची चेटकीण ही ब्रॅडनचीच निर्मिती, हेही तिने नोंदवले. पूर्वी खलनायिका काळ्या केसांची असे, आता घरातली देवदूतासारखी दिसणारी पत्नीच संशयित झाली.

आणि ब्रॅडन स्वतः? ती प्रकाशक जॉन मॅक्सवेल यांच्याबरोबर लग्नावाचून राहत होती, कारण मॅक्सवेल यांची पत्नी जिवंत होती, आणि ती वेड्यांच्या इस्पितळात होती. मॅक्सवेल यांच्या आधीच्या मुलांना आणि स्वतःच्या मुलांना ब्रॅडनने वाढवले, पुस्तकामागून पुस्तक लिहून घर चालवले, आणि १८७४ मध्ये पहिली पत्नी वारल्यावर दोघांचे लग्न झाले. इस्पितळाच्या भिंतीच्या अलीकडे राहून पलीकडच्या बाईबद्दल लिहिताना तिला काय वाटत असेल?

या कहाणीचा एक धागा मुंबईपर्यंत येतो, तो सांगून थांबतो. १८७८ मध्ये जॉर्जिना वेल्डन या लंडनच्या गायिकेला तिच्या नवऱ्याने असेच वेड्यांच्या इस्पितळात धाडण्याचा घाट घातला. ती निसटली, लपून राहिली, आणि १८८२ च्या कायद्याने विवाहितेला स्वतःच्या नावे दावा लावता येऊ लागताच तिने दाव्यांचा धडाका लावला. नवऱ्याने नांदवावे म्हणून हुकूम मिळवला आणि तो पाळत नाही तर त्याला तुरुंगात टाका, अशी मागणी केली. नवरे तुरुंगात जाण्याची वेळ येताच पार्लमेंट चपळ झाले. १८८४ मध्ये ती कैदेची शिक्षाच रद्द झाली.

इंग्लंडमध्ये रद्द झाली. मुंबईत नाही. त्याच १८८४ मध्ये दादाजी भिकाजींनी रखमाबाईंविरुद्ध नांदायला येण्याचा दावा लावला. अकराव्या वर्षी झालेले लग्न, जे त्यांना मान्य नव्हते, आणि भोवती वडिलांकडून आलेल्या मालमत्तेचा वाद. दाव्याचा आधार इंग्लंडच्या धर्मन्यायालयांतून आलेला. पिन्ही यांनी १८८५ मध्ये रखमाबाईंच्या बाजूने निकाल दिला, पण अपिलात तो फिरला, आणि मार्च १८८७ मध्ये हुकूम झाला की महिन्याभरात नांदायला जा, नाहीतर सहा महिने कैद. रखमाबाईंनी कैद पत्करण्याची तयारी दाखवली. शिकलेली बाई म्हणजे घरादाराला धोका, हे इथल्या वृत्तपत्रांनी त्या काळात किती परींनी लिहिले, ते ‘केसरी’चे अंक चाळणाऱ्यांना ठाऊक आहे.

जुलै १८८८ मध्ये तडजोड झाली. दोन हजार रुपये घेऊन दादाजींनी हक्क सोडला. पुढच्या वर्षी रखमाबाई डॉक्टरकीच्या शिक्षणासाठी लंडनला गेल्या.